गंगाधरपंतांनी पुढचे पान उलटले असते तर!

काळाशी खेळणारे पंडित पाश्चात्त्य कथावाङ्मयात पुष्कळ झाले. एच. जी. वेल्स यांनी १८९५ साली आपल्या कालप्रवाशाला एक यंत्र बहाल केले, आणि तेव्हापासून अशा पंडिताजवळ यंत्र असलेच पाहिजे असा जणू दंडकच पडला. मराठीतल्या पंडिताजवळ मात्र यंत्र नाही. त्याच्याजवळ स्वतः लिहिलेल्या इतिहासाचे पाच खंड आहेत आणि सभेचे अध्यक्षस्थान भूषवण्याची अनावर हौस आहे. एवढ्या सामग्रीवर तो या काळातून त्या काळात जाऊन परत येतो. वाचकांनी ओळखलेच असेल. मी बोलतो आहे तो प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे यांच्याविषयी, आणि ते ज्यांच्या लेखणीतून उतरले त्या डॉ. जयंत नारळीकरांविषयी.

नारळीकर २० मे २०२५ रोजी पुण्यास निवर्तले. त्यानंतर त्यांच्यावर जे लिहिले गेले त्यात विश्वरचनाशास्त्रज्ञ नारळीकर होते, विज्ञानप्रसारक नारळीकर होते. पण काळ या विषयाचा अभ्यासक म्हणून त्यांची ओळख फारशी कोणी करून दिल्याचे माझ्या वाचनात आले नाही. वास्तविक त्यांच्या विद्वत्तेची सुरुवातच त्या प्रश्नापासून झाली. केंब्रिजला फ्रेड हॉइल यांच्या हाताखाली काम करीत असताना १९६२ साली त्यांनी जो निबंध लिहिला त्याचा विषय होता काळाचा बाण, म्हणजे काळ एकाच दिशेने का धावतो हा. प्रश्न वाटतो तितका पोरकट नाही. तळ्यात दगड टाकला की लाटा बाहेर पसरतात. काठाकडून लाटा निघून मध्ये गोळा झाल्या आणि दगड वर उडाला असे आपण कधी पाहत नाही. पण विजेच्या आणि प्रकाशाच्या लाटांची समीकरणे मांडून पाहिली तर ती दोन्ही प्रकार सारख्याच खुशीने मान्य करतात. मग निसर्ग एकच का निवडतो? व्हीलर आणि फाइनमन या दोघा अमेरिकन शास्त्रज्ञांनी १९४५ साली असे सुचवले की प्रत्येक हालचालीचा निम्मा परिणाम भविष्याकडे जातो आणि निम्मा भूतकाळाकडे. भूतकाळाकडे जाणारा भाग पुसून टाकते ते सगळ्या विश्वाचे उत्तर. हॉइल आणि नारळीकरांनी हा धागा उचलून, ते उत्तर बरोबर येण्यासाठी विश्व कोणत्या जातीचे असावे लागेल याचा विचार केला. १९६३ साली अमेरिकेत कॉर्नेल विद्यापीठात काळाच्या स्वरूपावर एक परिषद भरली. तिला पंचविशीतले नारळीकर हजर होते. तिच्या छापील वृत्तांतात एका वक्त्याच्या जागी नुसते ‘मिस्टर एक्स’ असे आहे. ते फाइनमनसाहेब, हे सगळ्यांना ठाऊक होते. अशा मंडळींत वावरलेल्या माणसाने पुढे मराठीत गोष्टी लिहिल्या. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या स्पर्धेला त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा पाठवली ती नारायण विनायक जगताप या नावाने. आद्याक्षरे उलटी वाचावीत म्हणजे उलगडा होतो. अक्षर ओळखू येऊ नये म्हणून पत्नी मंगलाताईंकडून ती उतरवून घेतली होती. कथेला पहिले बक्षीस मिळाले. त्या कथेतही काळाचीच गंमत आहे.

आता गंगाधरपंतांचे चरित्र. पुण्याचे हे इतिहासकार. लढायांचे निकाल आणि गणितातला ‘कॅटास्ट्रॉफी थिअरी’ नावाचा सिद्धांत यांचा काही संबंध लागतो का, याचा विचार करीत ते रस्त्याने चालले असता एका ट्रकशी त्यांची गाठ पडते. त्यापुढे ते ज्या जगात जागे होतात ते बरेचसे आपल्यासारखेच, परंतु कुठेतरी बिनसलेले. किंवा असे म्हणू या की कुठेतरी जुळून आलेले! पुण्याहून मुंबईस जाताना त्यांच्या लक्षात येते की मुंबई अजून इंग्रजांकडे आहे, तीही भाडेपट्ट्याने. १९०८ सालचा करार आहे आणि मुदत २००१ साली संपायची आहे. स्टेशनाबाहेर ईस्ट इंडिया कंपनीची कचेरी दिमाखात उभी आहे. मुलाच्या कचेरीत चौकशी करावी तर त्या नावाचा कोणी माणूसच तिथे नोकरीला नाही.

अशा वेळी सामान्य मनुष्य पोलीस चौकी गाठील. गंगाधरपंत ग्रंथालय गाठतात. टाऊन हॉलमध्ये जाऊन ते स्वतःच्याच इतिहासाचे पाच खंड मागवतात. कथेतला हा भाग मला सर्वांत प्रिय आहे. पहिला खंड अशोकापर्यंत, दुसरा समुद्रगुप्तापर्यंत, तिसरा महंमद घोरीपर्यंत, चौथा औरंगजेबाच्या मृत्यूपर्यंत; इथवर सगळे ओळखीचे, कारण ते त्यांनीच लिहिलेले. बिघाड पाचव्या खंडात. मग पंत पाचवा खंड दोन्ही टोकांकडून वाचत आत सरकू लागतात. विहिरीत पडलेली घागर दोघांनी दोन बाजूंनी गळ टाकून शोधावी तसे ते एका तारखेवर येऊन थांबतात. तारीख कोणती, हे मराठी माणसाला सांगावयास नको. १४ जानेवारी १७६१. त्या जगात पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली नाही. ती कानाजवळून निघून गेली. मराठे जिंकले. अब्दाली हरला. दादासाहेब मागे पडले, माधवराव आणि विश्वासराव यांच्या हाती सूत्रे राहिली, इंग्रज किनाऱ्यावरच्या दोनचार ठाण्यांपलीकडे सरकले नाहीत, आणि देश स्वतःच्या पायांनी चालत लोकशाहीपर्यंत येऊन पोहोचला. पंतांना ते जग आवडले हे कथाकाराने लपवलेले नाही. मलाही आवडले.

संध्याकाळी ग्रंथालय बंद झाले तेव्हा पंतांनी नकळत भाऊसाहेबांची बखर खिशात टाकली. जेवून आझाद मैदानावर गेले तर तिथे व्याख्यान चालू, आणि व्यासपीठावर अध्यक्षाची खुर्ची रिकामी! ९९९ सभांचे अध्यक्षपद भूषवलेल्या माणसाला रिकामी खुर्ची दिसणे म्हणजे काय, हे ज्याने मराठी सभा पाहिल्या आहेत त्यालाच समजेल. पंत जाऊन बसले. पण त्या जगातल्या लोकांनी अध्यक्ष, प्रास्ताविक, आभारप्रदर्शन ही सारी प्रकरणे केव्हाच निकालात काढली होती. टोमॅटो आणि अंडी यांचा वर्षाव झाला, लोक व्यासपीठावर चढले, आणि पंत त्या गर्दीत दिसेनासे झाले. ते सापडले आपल्या जगातल्या आझाद मैदानावर, दुसऱ्या दिवशी सकाळी.

इथे थोडे विषयांतर करतो, कारण इंदूरच्या वाचकाला ही खुर्ची चांगलीच परिचित आहे. अखिल भारतीय साहित्य संमेलन आपल्या गावी तीनदा भरले. १९१७ साली गणेश जनार्दन आगाशे, १९३५ साली औंधचे बाळासाहेब पंतप्रतिनिधी आणि २००१ साली विजया राजाध्यक्ष या अध्यक्ष. त्याखेरीज गावातल्या लहानमोठ्या सभांची गणती कोणी करावी? माझ्या स्वतःच्या हयातीत मी इतकी अध्यक्षीय समारोपाची भाषणे ऐकली आहेत की आझाद मैदानावरच्या त्या श्रोत्यांची बाजू मला पूर्णपणे पटते. गंमत अशी की कथेच्या अखेरीस पंत पुन्हा अध्यक्ष न होण्याचा पण करतात आणि पानिपतावरील चर्चासत्राला नकार कळवतात. आणि त्यांचे जनक मात्र २०२१ साली नाशिकच्या ९४ व्या संमेलनाचे अध्यक्ष निवडले गेले. प्रकृतीमुळे त्यांना तिथे जाणे जमले नाही. संमेलन त्यांच्या अनुपस्थितीत पार पडले. गंगाधरपंतांना ही बातमी वाचून काय वाटले असते!

असो. मुख्य मुद्द्याकडे वळतो. ही कथा इंग्रजीत ‘द ॲडव्हेंचर’ या नावाने, संक्षिप्त रूपात, अकरावीच्या ‘हॉर्नबिल’ या पाठ्यपुस्तकात आली. माझी नात अकरावीत असताना तिने ती वाचली आणि पुस्तक मिटून मला म्हणाली, “आबा, मराठे सगळी लढाई जिंकले, पण ह्यात इंदौर तर कुठेच नाही!” आमच्या मुलांचे मराठी असे हिंदीच्या वाऱ्याने जरा कललेले असते, पण प्रश्न सरळ होता. मी कथा पुन्हा वाचली. तिचे म्हणणे खरे होते. तिचा सगळा झोत विश्वासरावांवर आणि त्या एका गोळीवर आहे. आणि इंदूरच्या माणसाला पानिपत म्हटले की आधी आठवतात ते मल्हारराव.

मी शिक्षणासाठी पुण्यास होतो तेव्हाची गोष्ट. खोलीतले मित्र चांगले होते, पण पानिपताचा विषय निघाला की कोणीतरी माझ्याकडे पाहून हसत म्हणायचे, “तुमचे होळकर आधीच निघाले होते ना रे?” यात दुष्टपणा नव्हता. पण दहावेळा ऐकल्यावर हसू येईनासे होते. विश्वासराव पडले, भाऊसाहेब अंबारीतून उतरून गर्दीत शिरले, रिकामी अंबारी पाहून फौजेने धीर सोडला, आणि मल्हारराव आपली माणसे घेऊन रणातून बाहेर पडले, एवढे सर्वांनाच मान्य आहे. ते पळाले, की भाऊंनीच बायकामाणसांना सुखरूप न्यावयास सांगितले होते, की लढाई संपली हे त्या मुरब्बी सरदाराने इतरांच्या आधी ओळखले, याबद्दल अडीचशे वर्षे वाद चालू आहे. मैदानी लढाई देऊ नये, गनिमी काव्याने अब्दालीला थकवावे हा त्यांचा सल्ला भाऊंनी मानला नव्हता, हेही आम्ही इंदूरकर लगेच सांगतो. आणि १७५७ साली दिल्लीत हाती सापडलेल्या नजीबखानाला मल्हाररावांनीच सोडवले, हे मात्र आम्ही जरा हळू सांगतो.

ज्या बखरीचे पान गंगाधरपंतांनी पुरावा म्हणून आणले, ती आपल्या जगातली बखर मल्हाररावांना मुळीच सोडत नाही. नजीब संपला तर पेशव्यांना सरदारांची गरज उरणार नाही, मग ते आपल्याला घरच्या हलक्या कामांना लावतील, असा विचार तिच्या लेखकाने त्यांच्या तोंडी घातला आहे. तो प्रसंग मराठी वाचकाला इतका पाठ आहे की बखरकाराने तो ऐकला कोठून, हे विचारण्याचे कोणाच्या मनात येत नाही. म्हणून माझे मन त्या दुसऱ्या बखरीत अडकले. त्या जगात गोळी चुकली. मग मल्हाररावांना रण सोडण्याचे कारणच काय? तिथल्या बखरकाराने त्यांना दुपारी कुठे उभे केले असेल? उजव्या बगलेवर शिंद्यांच्या शेजारी ते होतेच. गंगाधरपंत पडले पुणेकर. त्यांना हवी होती ती ओळ सापडली आणि त्यांचे वाचन थांबले. इंदूरचा माणूस त्यांच्या जागी असता तर त्याने पुढचे पान उलटून पाहिले असते.

येथे कोणी म्हणेल, एका गोळीवर एवढा डोलारा कशाला? त्र्यं. शं. शेजवलकरांचे पानिपतावरचे पुस्तक ज्यांनी वाचले आहे त्यांना ठाऊक आहे की फौज १७६० च्या नोव्हेंबरपासून पानिपतास अडकून पडली होती. डिसेंबरात गोविंदपंत बुंदेले मारले गेले आणि रसद तुटली. १४ जानेवारीला उपाशी माणसे आणि उपाशी जनावरे घेऊन भाऊ बाहेर पडले. गोळीने फक्त शेवटचा तास ठरवला. पण नारळीकरांना हे ठाऊक नव्हते असे समजू नये. कॅटास्ट्रॉफीचा सिद्धांत फ्रेंच गणितज्ञ रेने थॉम यांनी मांडला, त्याचे म्हणणेच मुळी असे की कारणे सावकाश साठत जातात, बाहेरून काही दिसत नाही, आणि एका विशिष्ट टोकाला आल्यावर तिळाएवढ्या फरकाने सगळे एकदम या बाजूला किंवा त्या बाजूला कोसळते. बांधाला पडलेली भेग महिनोन्‌महिने वाढते. फुटतो तो एका क्षणात. आधी दोन महिने ती फौज टोकाकडे सरकत नसती तर गोळी लागूनही फारसे बिघडले नसते. या तर्काला कथेतले राजेंद्र देशपांडे अणूच्या पोटातल्या अनिश्चिततेची जोड देतात: इलेक्ट्रॉन नेमका कुठे असेल हे सांगता येत नाही, संभव मात्र अनेक असतात, आणि कदाचित प्रत्येक संभवाचे एक जग असते. एव्हरेट या अमेरिकन तरुणाने १९५७ साली हाच विचार गणिताने मांडला होता. तो खरा की खोटा याचा निकाल अजून लागलेला नाही.

गोळी चुकली असती तर आपले इंदूर कसे असते, हा हिशेब मी एका दुपारी करून पाहिला आणि थोडा दचकलो. इंग्रज किनाऱ्यावरच राहिले म्हणजे २१ डिसेंबर १८१७ ची महिदपूरची लढाई नाही. महिदपूर नाही म्हणजे १८१८ चा मंदसोरचा तह नाही. आणि तो तह नाही म्हणजे होळकरांची राजधानी इंदुरास येण्याचे कारण नाही! आज आपण ज्या गावाचा अभिमान बाळगतो ते मराठ्यांच्या पराभवाने राजधानी झाले, ही गोष्ट आपण सहसा मोठ्याने बोलत नाही. त्या जगात रेसिडेन्सीचा भाग नसता, डेली कॉलेज नसते, आणि दुसऱ्या तुकोजीरावांनी इंग्रज सरकारला रेल्वेसाठी १ कोटी रुपये कर्जाऊ देण्याची वेळही आली नसती. कदाचित हे वाटेवरचे एक सुखवस्तू बाजाराचे गाव राहिले असते आणि माझी नात अकरावीचे पुस्तक महेश्वरला नर्मदेच्या घाटावर बसून वाचत असती.

पण मला खरे अडवले ते या हिशेबाने नाही. पानिपताच्या सात वर्षे आधी, १७५४ साली, कुंभेरीच्या वेढ्यात मल्हाररावांचे पुत्र खंडेराव तोफेचा गोळा लागून ठार झाले. म्हणजे आपल्या घरी आधीच एक गोळा लागून गेला होता. गंगाधरपंतांची युक्ती तिथे लावून पाहा. तो गोळा तिळभर बाजूने गेला असता तर? म्हाताऱ्या बापाचा एकुलता एक मुलगा वाचला असता. सून अहिल्याबाई सती जाण्यास निघाली आणि सासऱ्याने तिच्यापुढे पदर पसरला, असे परंपरा सांगते. तो प्रसंग टळला असता. १७६६ साली मल्हारराव आलमपूरला वारले तेव्हा गादीवर खंडेराव बसले असते. १७६७ साली मालेरावाच्या मृत्यूनंतर राज्याचा भार त्या बाईच्या शिरावर आला, तो आला नसता. काशीचे विश्वेश्वराचे देऊळ, गावोगावचे घाट, धर्मशाळा, विहिरी, अठ्ठावीस वर्षांचा तो निवाडा आणि ती शिस्त, यांतले काय उरले असते, कोण सांगणार? दरसाल अहिल्योत्सवात पालखी निघते तेव्हा रस्त्याच्या कडेला उभे राहून हात जोडणाऱ्या किती जणांना तो कुंभेरीचा गोळा आठवत असेल? त्या बाईने आधी नवरा गमावला, मग सासरा, मग मुलगा. आणि आमचे भाग्य त्या तीन मृत्यूंच्या पायरीवर उभे आहे.

नातीला मी हे सांगितले. तिने थोडा वेळ विचार केला आणि विचारले, “मग आबा, तुम्ही कोणता गोळा चुकवाल?” मी म्हटले, पानिपतचा. ती म्हणाली, “आणि कुंभेरचा?” मी उत्तर दिले नाही. बापाच्या जागी उभे राहिले की एक उत्तर येते आणि राजवाड्यासमोर उभे राहिले की दुसरे. पुण्याच्या इतिहासकाराला ही अडचण नव्हती. त्याच्या गोळीने फक्त नुकसानच केले होते.

एक योगायोग जाता जाता नोंदवतो, त्याला अर्थ चिकटवण्याचा माझा हेतू नाही. मल्हारराव वारले तो दिवस २० मे १७६६ असा दिला जातो. नारळीकर गेले तेही २० मेलाच, २५९ वर्षांनी. आलमपूरला मल्हाररावांची छत्री आहे, अहिल्याबाईंनी बांधलेली. भिंड जिल्ह्यात तेवढे लांब आपल्यापैकी फार थोडे जातात.

राहता राहिली ती बखर. आझाद मैदानावरच्या झटापटीत ती पडली आणि पंतांच्या खिशात एक फाटके पान तेवढे उरले, असे त्यांनीच देशपांड्यांना सांगितले आहे. म्हणजे बाकीचे पुस्तक त्या जगातल्या मैदानावर, टोमॅटोच्या चिखलात, अजून कुठेतरी असणार. त्या जगातही इंदुरास एखादे वाचनालय असेल आणि तिथल्या कोणा सज्जनाच्या ती हाती लागली, तर त्यांना विनंती आहे की विश्वासरावांचे पान गेले त्याची चिंता करू नये. त्यापुढचे, उजव्या बगलेचे, मल्हाररावांचे पान तेवढे जपून ठेवावे.